जर्मन पुस्तकातल्या बायडाबाईच्या ओव्या

धोंडीराम सुतार साताऱ्याकडचा. १९८२ साली दोहातल्या मदिनत खलीफा वस्तीतल्या आमच्या घरी कपाट करायला तो दर शुक्रवारी यायचा. माप एकदाच घ्यायचा, बोलायचा त्याहून कमी. रंधा मारताना मात्र टेपरेकॉर्डर लावून ठेवायचा. त्यात त्याची आई बायडाबाई बोलायची. तिला लिहिता येत नव्हतं, म्हणून गावाहून दोहाला येणाऱ्या माणसाबरोबर ती कॅसेट पाठवायची. आधी म्हशीची तब्येत, मग भावकीची भांडणं आणि शेवटी तिनंच रचलेली जात्यावरची ओवी:

लेक गेला दर्यापार, वाट पाहू मी कुठवर
पीठ साचे जात्यापाशी, धूळ साचे वाटेवर

आमच्या शेजारी एक जर्मन लेखक राहायचे. बायको इथे डॉक्टर. हे घरी बसून साहित्यावर आणि संस्कृतीच्या इतिहासावर पुस्तकं लिहायचे. चार जाडजूड पुस्तकं छापून झाली होती. पाचवं बायकांच्या कामाच्या गाण्यांवर चाललं होतं. एकदा चहाला आले असताना त्यांनी मला विचारलं, "तुमची आई जात्यावर गायची?"

माझी आई पुण्यात गिरणीतून दळण आणायची. पण इंजिनियर असलो तरी आपण संस्कृतीत कमी नाही, हे दाखवायची मला भारी खुमखुमी. "गायची की. स्वतः रचायची," मी म्हणालो. त्यांनी लगेच तिचं नाव लिहून घेतलं, शशिकला.

थाप मारली की निस्तरावी लागते. मी धोंडीरामकडे कॅसेट मागितल्या. जर्मन साहेब ओव्या पुस्तकात छापणार आहेत, असं सांगितलं. त्यानं रंधा खाली ठेवला.

"आईचं नाव येतंय न्हवं त्यात?"

"येणार."

"मग समद्या न्या, गिरीशसाहेब."

बावीस ओव्या इंग्रजीत करून मी माझ्या आईच्या म्हणून लेखकाला दिल्या. हलवायाच्या घरावर तुळशीपत्र.

दोन वर्षांनी पुस्तक आलं. लेखक तोवर जर्मनीला परतले होते. धोंडीराम इस्त्रीचा सदरा घालून आला. इंग्रजी अक्षरं त्याला वाचता येत नव्हती. "कुठाय नाव?" त्यानं विचारलं. माझी बायको नीता दारात उभी होती, तिला सगळं ठाऊक होतं. खरं सांगायला तेव्हाही उशीर झाला नव्हता. मी माझ्या आईच्या नावावर, 'शशिकला'वर, बोट ठेवलं. धोंडीरामनं पुस्तक कपाळाला लावलं. मग कानावरची पेन्सिल काढून ती अक्षरं एकेक करून कागदावर उतरवून घेतली. नीता आत निघून गेली.

सुट्टीवर जायच्या आदल्या दिवशी तो एक सागवानी पाटी घेऊन आला. तीच अक्षरं कोरलेली, भोवती वेलबुट्टी. आईच्या दारावर लावणार होता.

"बरोबर उतरल्यात न्हवं, साहेब?"

"एकदम बरोबर."

त्याच्या गावात इंग्रजी वाचणारं कोणी नसेल, असं मनात आलं आणि मला हायसं वाटलं. थापेपेक्षा त्या हायसं वाटण्याचीच मला आज जास्त लाज वाटते.