सारख्या धोंड्यांची कावड

गोरेगावच्या बाजाराच्या दिवशी एक म्हातारा आमच्या शाळेवरून शिंगाडे विकायला जायचा. नाव मी कधी विचारलं नाही. त्याच्या कावडीची उजवी टोपली नेहमी खाली झुकलेली. फाटकापाशी थांबून तो दोन्ही टोपल्यांत एकेक सारखा धोंडा टाकायचा. कावड तशीच कलती. दमला की दोन्हींतून एकेक काढायचा. तरी कलतीच.

आत मी आठवीला गणितातली असमानता शिकवत होतो. दोन्ही बाजूंना सारखंच मिळवा, नाहीतर सारखंच वजा करा, लहान-मोठ्याचं चिन्ह बदलत नाही. पोरांना पटेना, म्हणून खिडकीतून त्याला दाखवलं.

एकदा न राहवून म्हटलं, "बाबाजी, धोंडा फक्त डावीकडे टाका ना."

"एकीलेच काऊन देऊ जी, गुरुजी? दुसरीनं काय गुन्हा केला?"

पुढच्या खेपेला तो नळावर पाणी प्यायला गेला, तेव्हा मी गुपचूप डाव्या टोपलीत एक धोंडा ठेवला. त्यानं येऊन उचलली, तर कावड सरळ. तो दहा पावलं चालला, थबकला, कावड उतरवली. माझा धोंडा हातात तोलून पाहिला, परत ठेवला, रस्त्याकडेचा तेवढाच दुसरा शोधून उजवीत टाकला आणि समाधानानं कलत निघाला.

खिडकीतून अख्खी आठवी ओरडली, "सर, चिन्ह बदललं नाही!"