हमीदभाईंसाठी आलेला फोन

हे मी बायकोलाही कधी सांगितलेलं नाही. तुम्हाला सांगतोय, कारण — कारण काही नाही. सांगतोय.

जळगावात माझा छोटा रेकॉर्डिंग स्टुडिओ आहे. मोबाइलवर बघायचे अहिराणी सिनेमे आम्ही करतो. त्यांना संगीत हमीदभाई द्यायचे. नशिराबादचे, लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवणारे. नोटेशन येत नव्हतं. मी आवाज बंद करून प्रसंग दाखवायचो, ते बघता बघता वाजवायचे. एकदा लेक गेलेल्या घराचा प्रसंग होता. म्हणाले, "बाई तं रडी ऱ्हायनी, तिले बाजा कसाले? बाप गप बशेल शे, त्याले देऊत." आणि त्या गप्प बापालाच संगीत दिलं! मी कीबोर्डवरचे हात मांडीवर घेऊन बसलो. अकरा वर्षं शास्त्रीय शिकलो मी — मला हे सुचलं असतं का?

तिथूनच माझ्या पोटात दुखायला लागलं असणार.

तो सिनेमा बघून मुंबईच्या एका दिग्दर्शकाचा फोन आला. सिनेमाच्या शेवटी येणाऱ्या नावांच्या पाटीवर नंबर माझाच होता ना. मोठा सिनेमा करतोय, म्हणाला, सगळं संगीत त्या क्लॅरिनेटवाल्याकडूनच हवंय. माझ्याबद्दल एक शब्द नाही. मी काय म्हणालो? "त्यांनी वाजवणं सोडलं. दमा झालाय." किती सहज म्हणालो! हमीदभाई तेव्हा बाहेर माझ्याच पायरीवर चहा पीत होते. दमाबिमा काही नव्हता.

पुढे स्वतःला समजावत राहिलो — मुंबईत त्यांचा टिकाव लागला नसता, लोकांनी फसवलं असतं. सगळं झूट. मला त्यांचं मोठं होणं बघवलं नसतं, एवढंच.

मग ते बँडमध्येच राहिले. धुळे, यावल, जिथली सुपारी मिळेल तिथल्या वरातीत, भर उन्हात. डीजे आले, सुपाऱ्या आटल्या. आमचे सिनेमेही कमी झाले. पुढे समोरचे दात पडले, आणि दातांशिवाय क्लॅरिनेट धरता येत नाही. आता मुलाच्या पंक्चरच्या दुकानात बसून असतात. कितीदा तिथून गेलो मी, थांबलोही. सांगितलं का? नाही.

मागच्या ईदला त्यांनी घरी बोलावलं. माझा हात धरून सुनेला म्हणाले, "हाऊ भाऊ नसता, तं माले कोन वळखतं?"

सुनेनं माझी शीरखुर्म्याची वाटी पुन्हा भरली. मी ती संपवली.