छोट्या मशीनमधलं गाव

मी निघाले त्या दिवशी प्रज्ञा दारात आली नाही. अंबरनाथ पूर्वेला आमची गल्ली इतकी अरुंद की गाडी तोंडाशीच उभी राहिली होती. शेजारणी बॅग उचलू लागायला आल्या होत्या. माझी मुलगी मात्र आत, बंद टीव्हीसमोर मांडी घालून बसली होती. सातवीत होती तेव्हा. मी तिच्या डोक्यावर हात ठेवला. तिनं तो झटकला नाही, पण वर बघितलंही नाही.

आईनं मला ओट्याजवळ बोलावलं आणि स्टीलचा एक डबा पुढे केला. आम्ही बौद्ध माणसं. मुहूर्त, शकुन आमच्या घरात कुणी बघत नाही. पण आईची ही एक सवय तिच्या आईकडून आलेली आहे. जो लांब जातो त्यानं आपल्या ओंजळीनं डब्यात तांदूळ घालायचे. ते कुणी शिजवायचे नाहीत. माणूस परत आलं की त्याच तांदळाचा भात.

"वाटीनं नको, ओंजळीनं घाल," आई म्हणाली. "वाटी कुणाचीही असते."

मी एक ओंजळ घातली, दुसरी भरायला लागले.

"पुरे. जास्त घालशील तर जास्त दिवस राहशील."

त्या दिवशी मी हसले ती एवढीच वेळ.

मी मस्कतला चालले होते. उल्हासनगरला एका सिंधी घरी मी बरीच वर्षं स्वयंपाक करत होते. त्यांची मुलगी कविता दीदी लग्न करून मस्कतला गेली, तिला बाळ झालं आणि तिला घरातलंच माणूस हवं होतं. माझं शिक्षण चौथीपर्यंत. चार माणसांत माझ्या तोंडातून शब्द निघत नाही. दुकानात मी वस्तूकडे बोट दाखवते. असं माणूस परदेशात काय करणार, असं सगळ्यांना वाटलं, मलाही वाटलं. पण प्रज्ञाचे वडील ती लहान असतानाच गेले होते आणि भाड्याच्या खोल्या बदलून मी थकले होते. बदलापूरला, बेलवलीत, एक खोली आणि स्वयंपाकघर एवढं आपल्या नावावर करायचं, हे मी मनाशी ठरवलं होतं. एकदा ठरवलं की मी बोलत नाही, करते.

आता त्या खेळाचं सांगते, कारण ही सगळी गोष्ट त्याचीच आहे.

कविता दीदीच्या धाकट्या भावानं आपलं टीव्हीला जोडायचं गेमचं जुनं मशीन प्रज्ञाला दिलं होतं. सोबत तीनचार सीड्या. मारामारीच्या खेळात आम्हा दोघींचा जीव रमला नाही. एक सीडी मात्र शेतीची होती. लाल टोपीवाली एक मुलगी, तिला आजोबांचं पडीक शेत मिळतं. दगड काढायचे, बुंधे तोडायचे, पेरायचं, पाणी घालायचं. हळूहळू कोंबड्या येतात, गाय येते, सुतार येऊन गोठा बांधून देतो. खेळाच्या सुरुवातीला त्या मुलीचं नाव विचारतात. प्रज्ञानं इंग्रजीत तीन अक्षरं टाकली, ए, ए, आय. "आई. म्हणजे तू," ती म्हणाली. माझं नाव टीव्हीवर आलं ते तेवढंच.

मी कामावरून आले आणि कुकर लावला की आम्ही बसायचो. आमची कामं वाटलेली होती. गावात जाऊन लोकांशी बोलायचं, ते इंग्रजीत काय म्हणतात ते वाचायचं, हे प्रज्ञाचं. पाणी घालायचं, गुरं बघायची, हे माझं. आई भिंतीला टेकून म्हणायची, "दिवसभर लोकांचं रांधून आलीस, आता टीव्हीतल्या गाईचं शेण काढ." पण गाय आजारी पडली की पहिलं तीच विचारायची. एका वर्षात आम्ही चांगलं गाव उभं केलं. घराजवळ विहीर, विहिरीपासून दारापर्यंत फुलांची रांग, नदीपलीकडे जायला पूल.

माझं जायचं ठरलं तसं प्रज्ञा माझ्याशी कामापुरतं बोलायला लागली. दीदीच्या भावाला ते कळलं असावं. त्यानं आपलं हातात धरून खेळायचं छोटं मशीन मला दिलं. काचेला एका कोपऱ्यात तडा होता. "मौसी, वो खेतीवाला गेम इसमें आ जाएगा. अपने मार्केट में दुकान है, वो डाल देते हैं. वहाँ आप खेलना, यहाँ प्रज्ञा खेलेगी."

मी सीडी घेऊन त्या दुकानात गेले. जेमतेम एक माणूस उभा राहील एवढं दुकान, सगळीकडे वायरी. दुकानदार सीडी बघून म्हणाला, "दीदी, गेम तो सीडी में है, लेकिन आपने जो खेला है वो सीडी में नहीं. वो मशीन के छोटे कार्ड में रहता है. कार्ड लाओ, कोशिश करता हूँ. नहीं तो नये से चालू होगा."

मी घरी आले तर मशीनमध्ये कार्ड नव्हतं. टीव्हीमागे बघितलं, गादीखाली बघितलं, केरात हात घातला. "मला काय माहीत," प्रज्ञा म्हणाली आणि दप्तर आवरत बसली. दोन दिवसांवर जाणं आलेलं. शेवटी दुकानदारानं नुसता खेळ मशीनमध्ये भरून दिला. मी ते बॅगेत कपड्यांच्या मध्ये ठेवलं आणि निघाले.

मस्कतला माझी खोली लहान होती, पण खिडकीतून डोंगर दिसायचे. उघडे, तपकिरी, झाड नाही. आमच्या अंबरनाथलाही डोंगर दिसतात, पण ते हिरवे होऊन पुन्हा वाळतात, त्यावरून महिना कळतो. इथले डोंगर वर्षभर एकच. बाळ दुपारी झोपलं की मला तास दीड तास मोकळा मिळायचा. पहिल्या आठवड्यात मी मशीन सुरू केलं. लाल टोपीवाली मुलगी आली, खेळानं तिचं नाव विचारलं. मी शोधून शोधून तीच तीन अक्षरं टाकली. मग शेत दिसलं. विहीर नाही, फुलं नाहीत, पूल नाही. सगळीकडे दगड आणि बुंधे. दुकानदारानं सांगितलं होतं, तरी मला वाटलं होतं की थोडं तरी काही आलं असेल.

मी मशीन बंद केलं. तेव्हा घरची खरी आठवण आली.

फोनवर आईच असायची. "जेवलीस का? बाळ बरं आहे का? इथं सगळं ठीक." मी विचारायचे, प्रज्ञा कुठंय. "अभ्यास करते." दुसऱ्या वेळी, "दुकानात गेली." तिसऱ्या वेळी आई खोटं बोलायला कंटाळली. "इथंच बसलीय. येत नाही म्हणते." मला मागे पंख्याचा आवाज यायचा आणि त्या आवाजात माझी मुलगी गप्प बसलेली ऐकू यायची. गप्प बसणं माझं आहे, तिनं ते माझ्याकडूनच घेतलं. त्यामुळे मला माहीत होतं, ते समजावून सुटत नाही. मी घर घेऊन परत जाईन, पण तोवर ही मुलगी माझी राहील का, याचा विचार मला भाजी चिरतानाही सोडत नव्हता.

एका दुपारी मी पुन्हा मशीन काढलं आणि ठरवलं, दगड तर दगड. रोज थोडे काढायचे. दोन महिन्यांत निम्मं शेत साफ झालं, मुळ्यासारखं काहीतरी पेरलं, उगवलं, कोंबड्याही आल्या. पुढे मात्र अडले. विहीर खणायची तर गावात जाऊन सुताराशी बोलावं लागतं. तो काहीतरी लांबलचक विचारतो आणि खाली दोन ओळी येतात, त्यातली एक निवडायची. मी वरची दाबली की तो निघून जायचा. खालची दाबायची मला भीती वाटायची, चुकून कोंबड्या विकल्या गेल्या तर? कविता दीदीला विचारावं तर मोठ्या बाईनं खेळ खेळावा याची मला लाज.

मग मी दीदीकडे दुसरंच मागितलं. आयुष्यात पहिल्यांदा मी कुणाकडे काही तोंडानं मागितलं असेल. म्हटलं, दर शुक्रवारी बाळ झोपलं की मला घरी नीट बोलू द्या, घाई न करता. दीदी म्हणाली, "अरे मौसी, इतनी सी बात? आप बोलते क्यों नहीं?"

त्या शुक्रवारी आईनं फोन उचलला. मी सरळ म्हणाले, "प्रज्ञाला विचार, सुतार दोन ओळी दाखवतो त्यातली कोणती दाबू? वरची दाबली की तो जातो."

"कोण सुतार? तिथं काय बांधकाम काढलंस?"

"खेळातला गं आई. निळ्या टोपीचा."

आईनं तोंड फिरवून विचारलं, "ए प्रज्ञे, तुझी आई विचारते, सुतार जातो म्हणे." पलीकडे पंखा फिरत राहिला. मी वाट बघितली. मग लांबून आवाज आला, चिडलेला, "खालची दाब म्हणावं. वरची म्हणजे 'नको' असं. आधी लाकडं जमव, नाहीतर तो येणारच नाही."

"खालची दाब म्हणते," आईनं मला सांगितलं. "आणि लाकडं जमव."

"ऐकलं मी," मी म्हणाले.

पुढच्या शुक्रवारी मी विहीर कुठे खणू ते विचारलं. त्याच्या पुढच्या वेळी गाय. तिसऱ्या की चौथ्या शुक्रवारी आईच वैतागली. "मला तुमच्यातलं कळत नाही, मी काय टपाल आहे? तुझं तू बोल." आणि फोन प्रज्ञाच्या हातात गेला.

"गाईला ब्रश करतेस का?" ती म्हणाली. चार महिन्यांनी ती माझ्याशी पहिलं वाक्य बोलली ते हे.

"करते."

"रोज?"

"रोज."

"मग ठीक आहे."

मी मुद्दाम हळू खेळायला लागले. एक अडचण सुटली की दुसरी शोधून ठेवायची, शुक्रवारसाठी. गाईनंतर हळूच शाळेचं यायला लागलं, मग मैत्रिणींचं, मग एकदा ती रडत म्हणाली की पोटात दुखतंय आणि आजीला सांगायची लाज वाटते. मी खोलीचं दार लावून तिला सगळं समजावलं. माझ्या आईनं मला ते कधी समजावलं नव्हतं. एवढं बोललेली मी मलाच नवीन होते.

मी मध्ये सुट्टी घेतली नाही. तीन वर्षांनी परतले ती कायमची. बेलवलीतली खोली झाली होती. स्वयंपाकघराच्या खिडकीतून बाहेरचं एक आंब्याचं झाड दिसत होतं, नळाला पाणी होतं. अंबरनाथहून सामान आणलं त्यात तो डबाही होता. पहिल्या दिवशी आईनं तो माझ्यापुढे ठेवला. "काढ तुझे तांदूळ. कडुनिंबाचा पाला घातलाय, किडे नाहीत."

मी परातीत डबा उलटा केला. तांदळाबरोबर पाला पडला आणि एक छोटं राखाडी कार्ड पडलं.

आई म्हणाली, "हे काय?" मी प्रज्ञाकडे बघितलं. माझ्यापेक्षा उंच झाली होती.

"तू गेल्यावर टाकलं त्यात," ती म्हणाली. "आधी दप्तरात होतं."

"का पण?"

"मला वाटलं त्या दुकानात नेलं की कार्डातलं सगळं तुझ्या मशीनमध्ये जाणार आणि इथलं रिकामं होणार. तू पण जाणार आणि गाव पण जाणार. नंतर कळलं तसं नसतं. पण तोवर तू गेली होतीस."

"मग मला इतकं सगळं सांगत होतीस ते काय बघून?"

"आठवत होतं. तुझ्याशिवाय मी मशीन लावलंच नाही कधी."

मी तांदूळ निवडायला घेतले. संध्याकाळी तिनं मोठं मशीन टीव्हीला जोडलं. गाव जसंच्या तसं होतं. फुलं त्या दिवशीचीच. मी माझं छोटं मशीन तिच्या हातात दिलं. तिनं बराच वेळ बघितलं.

"आई, विहीर उलट्या बाजूला खणलीस. मी घराच्या डावीकडे सांगितलं होतं."

"मला आजीनं उजवीकडे सांगितलं."

"माझ्यावर ढकलू नका," आई ओट्यावरून म्हणाली. "आणि पाणी लागलं ना? मग झालं."

जुन्या तांदळाचा भात मोकळा झाला, पण पाल्यामुळे किंचित कडू लागला. आम्ही तिघींनी तो सगळा संपवला.

हे मी लिहिते आहे त्याला कारण आहे. यंदा प्रज्ञा दहावी झाली. तिला नाशिकला डिप्लोमाला प्रवेश मिळाला, वसतिगृहात राहणार आहे. काल तिची बॅग भरली. कुणी सांगितलं नव्हतं, तरी ती स्वतः स्वयंपाकघरात गेली, डबा काढला आणि एकच ओंजळ तांदूळ घातले. आई बघत होती. मला आधी वाटायचं, बेलवलीतली ही चौकट म्हणजे घर, एवढ्यासाठी मी गेले. चौकट हवीच, त्याबद्दल मला पश्चात्ताप नाही. पण मस्कतच्या त्या खोलीतही शुक्रवारी दुपारी काही वेळ घर असायचं, आणि ते माझं मी दगड काढून केलेलं होतं.

आज सकाळी रिक्षा खाली आली तेव्हा मी तिच्या बॅगेत छोटं मशीन ठेवलं.

"हे कशाला? मला आता वेळ नाही मिळणार," ती म्हणाली.

"असू दे. कुठे अडलीस तर फोन कर."

"मला यात काय अडणार आई? मला सगळं येतं."

"माहीत आहे मला," मी म्हणाले. "तरी अड."