नटवर्यांची स्तब्धता

नटवर्यांची सगळी कीर्ती एका ठिकाणी न बोलण्यावर उभी होती. त्यांच्या गाजलेल्या नाटकाच्या शेवटी घर सोडून निघालेला मुलगा बापाला विचारतो, "मी जाऊ?" आणि बाप उत्तर देत नाही. बापाच्या भूमिकेत नटवर्य इतका वेळ उत्तर देत नसत, की पहिल्या रांगेतली माणसे आलेला खोकला गिळून टाकीत. टीकाकारांनी या स्तब्धतेवर रकानेच्या रकाने भरले. बायकोचे मत निराळे होते. भाजी काय आणू विचारले तरी हे असेच बघत बसतात, असे ती म्हणे. फक्त घरी तिकीट लावता येत नाही.

पन्नाशी उलटली, गुडघे कुरकुरू लागले आणि दिग्दर्शकाने तो बाप एका तरुण नटाला, केस पांढरे करून, दिला. नटवर्यांनी रंगभूमीच्या अधोगतीवर ठिकठिकाणी भाषणे केली आणि साडूच्या वशिल्याने त्याच नाट्यगृहाचे व्यवस्थापकपद पत्करले. व्यवस्थापक म्हणजे तारखांचा दलाल, हे त्यांचेच जुने वाक्य; साडूंनी ते मोठ्या मनाने विसरून दाखवले. खुर्ची फिरती होती. दार लावून घेऊन नटवर्यांनी तिच्यात एक पूर्ण गिरकी घेऊन पाहिली.

पदाबरोबर शहराच्या रेडिओ केंद्रावर एक साप्ताहिक कार्यक्रमही पदरात पडला. पहिल्याच भागात "रंगभूमी म्हणजे" एवढे उच्चारून नटवर्य स्तब्ध झाले. केंद्रावरचे यंत्र शांततेला बिघाड समजते. त्याने तत्परतेने जाहिरात लावली. रंगभूमी म्हणजे सवलतीच्या दरातली गादी, असे श्रोत्यांना समजले.

"सर, तुमचा चेहरा इथून कुणाला दिसत नाही," तंत्रज्ञ बाई काचेपलीकडून शांतपणे म्हणाल्या. "बोलत राहा. काहीही."

काहीही बोलणे नटवर्यांना अनपेक्षित सहजतेने जमले. दोन वर्षांत न्हाव्याच्या दुकानातही लोक त्यांना आवाजावरून ओळखू लागले. तरीही रिकाम्या नाट्यगृहाचे दिवे तपासण्याच्या निमित्ताने ते रंगमंचावर जाऊन उभे राहत. पुन्हा एकदा तो बाप मिळावा, एवढीच त्यांची आस होती.

एक दिवस दिग्दर्शक रविवारच्या तारखा मागायला आला. चहा झाला. तरुण नट मालिकेत गेला, तुमच्याशिवाय त्या नाटकात जीव नाही, असे त्याने डोळ्यांत पाणी आणून सांगितले. दोघेही मुरलेले असल्यामुळे देवघेवीचा उच्चार कुणी केला नाही. दिग्दर्शकाला तीन रविवार मिळाले, नटवर्यांना बाप. शेवटच्या प्रवेशाची तालीम मात्र त्यांनी नाकारली. न बोलण्याची तालीम कसली?

पहिल्या रविवारी नाट्यगृह भरले. मुलाने बॅग उचलली. "मी जाऊ?"

नटवर्य स्तब्ध झाले. शांतता पसरली. आता जाहिरात वाजणार, असे त्यांना वाटले. जीभ आपोआप सुटली. "अवश्य जा. पण निघण्यापूर्वी प्रवासाविषयी दोन शब्द," असे म्हणून त्यांनी सामानाची काळजी, बदलते हवामान आणि तरुणांची जबाबदारी असा ओघवता प्रवास केला व सर्वांना शुभेच्छा दिल्या. मुलगा बॅग धरून अवघडून उभा. प्रेक्षकांना रोजचा आवाज ओळखू आला; टाळ्यांचा कडकडाट झाला. बायकोने तेवढा कपाळाला हात लावला.

"टाळ्या ऐकल्यास ना?" रंग पुसताना नटवर्यांनी विचारले.

"ऐकल्या," दिग्दर्शक म्हणाला. "त्या टाळ्यांत पोराचं जायचं राहिलं. पुढच्या वेळी मी दुसरा बाप बघतो."

घरी परतताना बायको एवढेच म्हणाली, "अहो, एकच काम होतं तुम्हाला. गप्प बसायचं."

दुसऱ्या दिवशी कार्यालय उघडताच नटवर्यांनी उरलेले दोन्ही रविवार तांत्रिक कारणास्तव रद्द केले. दिग्दर्शक धापा टाकत आला. कोणते कारण, एवढेच त्याने विचारले. नटवर्यांनी छताची डागडुजी, प्रेक्षकांची सुरक्षितता आणि संस्थेची परंपरा यांवर विवेचन सुरू केले. दिग्दर्शक मध्येच उठला. त्याने जिना उतरायला सुरुवात केली तेव्हा आतून परंपरेचा दुसरा मुद्दा ऐकू येत होता.