ताप उतरला ती सकाळ

शेजारच्या अक्कांनी आज पपईची पानं वाटली आणि त्या कडू वासाने बाबांचा त्या वर्षीचा डेंग्यू पुन्हा घरात आला.

बाबा इथल्या प्रयोगशाळेत प्लाझ्मावर काम करायचे. नळीतल्या वायूतून वीज सोडली की पेटतो, तो जांभळा प्लाझ्मा. ताप उतरला त्या सकाळी आई बसवनगुडीच्या दवाखान्यात शिरा घेऊन आली. डॉक्टरांनी डबा उघडू दिला नाही.

"खरी काळजी आता आहे. रक्तातलं पिवळसर पाणी, प्लाझ्मा, नसांबाहेर झिरपतंय."

बाबा हसले. "आमच्या नळीला गळती लागली की उजेडाचा रंग बदलतो. माझा बदललाय का गं?"

मी निरखून पाहिलं. "नाही बाबा."

त्यांचा हात माझ्या हातात होता, चांगलाच गार. तो गारवाच त्या गळतीची खूण आहे, हे मला फार उशिरा कळलं. ताप गेला म्हणून मला किती बरं वाटलं होतं.