बटर फ्रूटची अढी

बटर फ्रूट, म्हणजे अ‍ॅव्होकाडो, शिजवायचं नसतं, हे ज्ञान मी नोकरी पणाला लावून मिळवलेलं आहे.

साठ सालच्या आसपासची गोष्ट. सातवीत शाळा सुटलेला मी मालवणहून बंगळूरला आलो आणि एका कारखान्याच्या स्टोअरमध्ये डिसोजासाहेबांनी मला सर्टिफिकेट न मागता चिकटवून घेतलं. त्या उपकाराखाली मी इतका वाकलो होतो, की साहेबांचा नुसता फोन आला तरी उठून उभा राहत असे. मला कायम करायचं की गावी धाडायचं, हे महिनाअखेर तेच ठरवणार होते. घरी नुकती लग्न होऊन आलेली सुमती. काळजीने जीव पोखरला, तेव्हा मी शेवटी साहेबांना जेवायला बोलावलं.

साहेब खूश झाले. कॅन्टोन्मेंटच्या एका हॉटेलात त्यांनी खेकडा आणि बटर फ्रूटचं थंडगार सॅलड खाल्लं होतं, ते जिभेवरून उतरत नव्हतं. तू मालवणचा, तुला खेकडा काय अवघड, म्हणाले. येत्या रविवारी येतो.

रविवारी पौर्णिमा होती! कुर्ली, म्हणजे खेकडा, अमावास्येला भरते आणि पौर्णिमेला पोकळ होते, हे आमच्याकडे बाराखडीच्या आधी शिकवतात. (बाराखडीच्या पुढचं मला फारसं विचारू नका.) मी चाचरत साहेबांना अमावास्येची तारीख दिली. ते माझ्याकडे बघत राहिले, पण हो म्हणाले.

आमचे घरमालक अण्णा, पिढ्यानपिढ्या बंगळूरचे मराठी आणि कट्टर शाकाहारी. त्यांनी परसातली चूल मोठ्या मनाने दिली, पण तारीख ऐकून कपाळाला हात लावला.

"अमावास्येला साहेबाला बोलावताय? स्वल्प विचार करा हो. हे सरी नाही, बरोबर नाही."

माझी झोप उडाली. त्यात बटर फ्रूट मी आधीच आणून ठेवलेलं, दगडासारखं कडक. आम्ही त्याची खाटेखाली गवतात रीतसर अढी घातली, हापूसची घालतात तशी. हापूस पिकला की घरभर वास सुटतो. सुमती रोज खाटेखाली डोकं घालून हुंगायची.

"अजून वास येणा नाय. म्हणजे पिकूक नाय."

वासाची वाट बघता बघता अमावास्या उजाडली. फळं कापली, तर आत काळा चिखल! (हे फळ पिकलं तरी वास सोडत नाही, हे मागाहून कळलं.) मी धावत मार्केट गाठलं. खेकडे चांगले भरलेले मिळाले. बटर फ्रूट मात्र पुन्हा दगडच.

"कडक हा ना, मग शिजवूया," सुमती म्हणाली. पपई कच्ची असली की आपण हेच करतो, तेव्हा मलाही पटलं. शिजल्यावर ते कडू झालं. कडूवर तिने गूळ घातला. गूळ फार झाला म्हणून चिंच. मग एवढं केलंच आहे तर फोडणी. त्यात खेकड्याचं मऊ मांस कालवलं आणि (सॅलड थंड असतं ना!) पातेलं गार पाण्यात ठेवलं. रंग असा झाला होता, की अण्णांनी लांबूनच नमस्कार केला.

साहेबांनी पहिला घास घेतला आणि चावायचे थांबले. दाराआडून सुमती डोकावली. मी आपोआप उभा राहिलो. गावी जाणारी बस मला दिसायला लागली होती.

"बस खाली," साहेब म्हणाले. मग त्या हिरव्या लगद्यातून खेकड्याचा एकेक तुकडा शोधून, पाण्यात खळबळून, ते शांतपणे खात राहिले. ताट संपल्यावर म्हणाले, "मी मंगळूरचा. तू अमावास्या सांगितलीस तेव्हाच ओळखलं, ह्याला माल पारखता येतो. स्टोअरला असाच माणूस लागतो. उद्या कागदावर सही करतो."

मी रडलो. दाराआड सुमतीही रडली. (तिने तोपर्यंत सॅलड चाखलं होतं.)

त्या नोकरीवर माझा संसार उभा राहिला. कृतज्ञता म्हणून मी साहेबांना दरवर्षी जेवायला बोलावत आलो. पण काय योगायोग बघा, मी कुठलीही तारीख सांगितली तरी डिसोजासाहेबांची त्या दिवशी नेमकी एकादशी असते!