अक्रोडाच्या झाडावरचं माहेर

आमच्या आर्स्लानबोब या डोंगरी गावातले लोक आडवे फिरतात. कुणी ओश शहराच्या बाजाराला जातं, कुणी रशियात भिंती बांधायला जातं, आणि परत आलं की सहा महिने त्याच गोष्टी सांगून शेजाऱ्यांचे कान किटवतं. एर्गाश-आका मात्र जन्मभर उभा फिरला. बसमध्ये पाय ठेवला की त्याच्या पोटात ढवळायला लागायचं. सख्ख्या मेव्हण्याच्या लग्नाला जलालाबादला निघाला, तो अर्ध्या वाटेत उतरून पायी घरी परतला आणि नवरदेवाला आशीर्वाद फोनवरून दिला. पण ज्या झाडाकडे खालून बघताना आपली मान आखडते, त्याच्या शेंड्याला तो शीळ घालत बसायचा. तरुणपणी सैन्यात गेला, तर त्याला नेमकं पार समुद्राच्या काठी पाठवलं. आगगाडीत तो आठवडाभर ओकत होता. तिथं झेंड्याच्या खांबावर अडकलेली दोरी चढून सोडवली म्हणून साहेबानं पाठ थोपटली, एवढीच त्याची कमाई. समुद्र कसा होता असं विचारलं की सांगायचा, खांबावरून बरा दिसायचा.

बायकोही त्याला झाडावरूनच मिळाली. पानं पिवळी पडायला लागली की आमचं अख्खं गाव घरांना कुलपं लावून अक्रोडाच्या रानात राहायला येतं. तंबू, चुली, कोंबड्या, म्हाताऱ्या, झोपलेली पोरं, सगळं गाढवांवर लादून. प्रत्येक घराचा रानात एक वाटा ठरलेला असतो. पुरुष झाडावर चढून पायानं फांद्या हलवतात आणि बाकीचे खाली वेचतात. ओयनिसा तेव्हा आईबरोबर शेजारच्या वाट्यात वेचायला यायची. एर्गाश मुद्दाम त्याच बाजूची फांदी हलवायचा आणि अक्रोड नेमके तिच्या डोक्यावर पडायचे. शेवटी तिची आई झाडाखाली येऊन उभी राहिली आणि म्हणाली, "बाबा रे, आधी मागणी घाल. मग जन्मभर खा तिचं डोकं." वसंतात लग्न झालं.

या गोष्टीला चाळीसेक वर्षं उलटली. एर्गाश सत्तरीला टेकला, आणि गेले दोन हिवाळे त्याचा उजवा गुडघा कुरकुर करायला लागला. त्याचा दोष तो कधी थंडीला द्यायचा, कधी नव्या बुटांना, कधी सरकारला. ओयनिसा रात्री गुडघ्याला दुंब्या मेंढ्याची चरबी चोळायची आणि काही बोलायची नाही. ती बोलत नाही म्हणजे तिनं मनात काहीतरी ठरवलंय, हे एर्गाशला इतक्या वर्षांत कळायला हवं होतं. नाही कळलं.

यंदा रानात पहिल्याच सकाळी, चहाला सगळे बसलेले असताना, तिनं कमरेला बांधायचा दोर उचलला आणि जावयाच्या मांडीवर ठेवला.

"या वर्षी झाडावर शुह्रत जाईल," ती म्हणाली. "तुम्ही खाली बसून साल सोला. म्हातारपणी शोभेल तेच करावं."

शुह्रत धंद्यानं नानवाला. त्याची रोटी अशी की शेजारच्या गावातून लोक न्यायला येतात, पण तंदूरपेक्षा उंच जागी गेला की त्याचे पाय लटपटतात. सासूला नाही म्हणायची त्याची छाती नव्हती. तो दोराकडे बघत बसला आणि त्याचा चेहरा न भाजलेल्या कणकेसारखा झाला. ओयनिसा ओढ्यावर पाणी आणायला गेली तसा एर्गाश उठला आणि दोर न घेताच झाडावर चढला. जावयाला इतका आनंद झाला की त्यानं खालून सासऱ्याच्या पायाला आधारसुद्धा दिला.

वरच्या बेचक्यात पोचेपर्यंत सगळं ठीक होतं. त्यानं दोन फांद्या हलवल्या. अक्रोड धडाधड पडले आणि खाली लेकीनं आनंदानं ओरडून दाद दिली. मग तिसऱ्या फांदीकडे वळताना गुडघा जो वाकला तो वाकलाच. सरळ होईना, आणखी वाकेना. एर्गाशनं त्याला समजावलं, शिव्या घातल्या, शेवटी हातही जोडले. गुडघा ढिम्म. मग सहज विसावा घेतोय असं दाखवत तो बेचक्यात बसून राहिला.

ओयनिसा पाणी घेऊन आली. तिनं वर पाहिलं आणि हंडा खाली ठेवला.

"उतरा खाली."

"नाही उतरणार," एर्गाश म्हणाला. त्यात खोटं काही नव्हतं.

"का?"

खरं सांगायला दोन शब्द पुरले असते. पण खाली लेक होती, जावई होता, शेजारच्या दोन वाट्यांतली माणसं मान वर करून बघत होती. उचलली जीभ लावली टाळ्याला, तसं तो म्हणाला, "तू मला चारचौघांत म्हातारा म्हणालीस. मी रुसलोय."

आता आमच्याकडे बायको रुसून माहेरी गेली तर काय करायचं हे शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. नवऱ्यानं दोन वडीलधारी माणसं घ्यायची, रोट्या घ्यायच्या, सासरी जाऊन बसायचं, सासूचं बोलणं मान खाली घालून ऐकायचं, चहा प्यायचा आणि बायकोला घेऊन यायचं. पण नवराच रुसून झाडावर जाऊन बसला तर? हे कुणाच्या बापजाद्यांनी पाहिलं नव्हतं. बातमी वणव्यासारखी रानात पसरली. लोक हातातलं काम टाकून आले. सावलीच्या जागा लगेच भरल्या.

आमचे अक्सकाल, म्हणजे गावातले सगळ्यात वडील पंच, तुर्दीमात-आता. आमच्याकडे थोरल्याला आका म्हणतात आणि आजोबांच्या वयाच्या माणसाला आता. "मला माहीत नाही" हे वाक्य त्यांनी आयुष्यात उच्चारलेलं नाही. त्यांनी दाढी कुरवाळली आणि निकाल दिला, की रीत तीच. हे झाड एर्गाशचं माहेर समजायचं. त्यांनी बादलीत गरम रोट्या आणि चहाची किटली ठेवून दोरीनं वर पाठवली, आणि झाडाच्या बुंध्याशी अशा अदबीनं बसले की जणू बुंधाच मुलीचा बाप.

एर्गाशनं चहा घेतला. गुडघा सुटेपर्यंत वेळ काढायचा होता, म्हणून त्यानं अटी घालायला सुरुवात केली. पहिली अट, ओयनिसानं सगळ्यांसमोर सांगावं की तो म्हातारा नाही.

"सत्तरीचा माणूस तरुण आहे असं सांगायला मी काय औषधं विकायला बसलेय?" ओयनिसा म्हणाली. "बसू दे त्यांना. भूक लागली की मांजरसुद्धा आपोआप उतरतं."

बायका हसल्या. एर्गाशनं दुसरी अट घातली, सकाळी रोटीबरोबर साय हवी. ही तिनं मान्य केली, आणि त्याची पंचाईत झाली. मग त्यानं लाल कोंबडीचा शोरपा, म्हणजे रस्सा, मागितला. तोही मान्य झाला. मग मेव्हण्यानं माफी मागावी म्हणाला. कशाबद्दल ते त्यालाही आठवत नव्हतं. तुर्दीमात-आता प्रत्येक अट मोठ्यानं परत म्हणून दाखवत होते आणि लोक डोलत होते. गुडघा तसाच होता.

मग कुणीतरी सुचवलं की जवळचं माणूस वर गेलं तर राग लवकर निवतो. शुह्रतला पाठवलं. तो पहिल्या फांदीपर्यंत गेला, तिथं खोडाला मिठी मारून त्यानं डोळे मिटले आणि "बाबा, उतरा हो" असं इतक्या काकुळतीनं म्हणाला, की नेमकं कोणी कुणाला उतरवायचं हेच कळेना. शेवटी त्याच्या बायकोनं त्याचे पाय धरून त्याला खाली ओढलं.

या गडबडीत एक जण म्हणाला, शिडी आणा.

आमच्याकडे झाडावर चढणारा माणूस शिडी वापरत नाही. खालच्या आळीत एक हैदर आहे. पंचवीस-तीस वर्षांपूर्वी त्याला चक्कर आली म्हणून शिडी लावून उतरवलं होतं. तेव्हापासून तो शिडी-हैदर, त्याची बायको शिडीवाली, आणि त्याच्या नातवाला शाळेत मास्तरसुद्धा शिडी म्हणून हाक मारतात. एर्गाशच्या डोळ्यांपुढे आपली नातवंडं आली.

"शिडी आणलीत तर आणखी वर जाईन," तो ओरडला. त्याला वर जाणं सोडाच, कूसही बदलता येत नव्हती.

दुपार कलली. लोक कंटाळून पांगायला लागले. ओयनिसा झाडाखाली बसून, जणू वर कुणीच नाही अशी, पडलेले अक्रोड सोलत होती. मध्येच तिनं सहज वर पाहिलं आणि बघतच राहिली. एर्गाशच्या डाव्या हाताशी एक फांदी होती. फळं साल फुटून डोळे वटारून बसलेली, नुसतं बोट लावलं असतं तरी पडली असती. आणि एर्गाशनं त्या फांदीला अजून हातही लावला नव्हता. ओयनिसाचे हात थांबले. थोड्या वेळानं ती उठली, सालीनं काळे झालेले हात तिनं झग्याला पुसले आणि तुर्दीमात-आतांपुढे जाऊन उभी राहिली.

"चूक माझी आहे," ती म्हणाली. एर्गाशनं कान टवकारले, कारण हे वाक्य त्यानं लग्नापासून ऐकलं नव्हतं. "चुकलेल्यानं दारापर्यंत जाऊन माफी मागावी, हीच रीत ना? मग मी वर जाते. पण मी बाईमाणूस, साठी उलटलेली. मला शिडी द्या."

तुर्दीमात-आतांनी खूप विचार केला. शिडी बाईसाठी होती, तिला कुणाचीच हरकत नव्हती. रानरक्षकाच्या झोपडीवरून लांब शिडी आली. ओयनिसा एकेक पायरी चढत वर आली, बेचक्यात त्याच्या शेजारी टेकली आणि आधी श्वास घेतला. खाली माणसं कान देऊन उभी होती, म्हणून ती अगदी हळू बोलली.

"उजवाच ना?"

"उजवा."

"आणि रुसवा?"

"तो नंतर सुचला."

"वाटलंच. तुम्ही रुसून मेला असता, पण ही फांदी हलवल्याशिवाय मेला नसता."

एर्गाशनं मान खाली घातली. आता चांगलं खरडपट्टी काढणारं काहीतरी ऐकायला मिळणार म्हणून तो तयार झाला. पण ओयनिसा दुसरीकडेच बघत होती. समोर अख्खं रान पसरलं होतं, पिवळं, मधूनच लाल. तंबूंचा धूर वर येऊन एका जागी तरंगत होता. पलीकडे धबधबा दिसत होता, आणि त्याच्यावर बर्फाचा डोंगर इतका जवळ की हात लावावा.

"हे सगळं इथून दिसतं?" तिनं विचारलं.

"हो."

"दरवर्षी?"

"ढग नसले तर."

"आणि खाली उतरून मला काय सांगायचात? यंदा माल बरा आहे." आता तिला खरोखरच राग आला होता. "चाळीस वर्षं. माल बरा आहे."

एर्गाशला तिच्यावर इतकं प्रेम आलं आणि स्वतःची इतकी लाज वाटली, की क्षणभर तो गुडघाही विसरला. मग त्यानं डाव्या हातानं ती फांदी हलवली आणि अक्रोड बरोबर तुर्दीमात-आतांच्या टोपीवर पडले. ओयनिसा हसली, तोंडाला डोक्यावरचा रुमाल लावून, पोरीसारखी. एवढ्यानं तिचा राग गेला असं नाही, पण उतरायची तयारी झाली.

"अगंबाई, माझे डोळे फिरायला लागले," ती मोठ्यानं म्हणाली. "आता मला कोण उतरवणार?"

"घाबरू नकोस, मी आहे," एर्गाश तिच्याहून मोठ्यानं म्हणाला.

ती पुढे उतरली, तो मागून. त्याचा आखडलेला पाय ती एका हातानं धरून एकेक पायरीवर ठेवत होती, आणि त्याचा सगळा भार तिच्या खांद्यावर होता. तोंडानं मात्र तिचा "सोडू नका हो मला, सोडू नका" असा धोशा चालू होता. खालून लोकांना दिसलं ते एवढंच, की म्हातारा घाबरलेल्या बायकोचा खांदा घट्ट धरून तिला जपून उतरवतोय. दोन-तीन बायकांनी डोळे पुसले आणि आपापल्या नवऱ्याकडे रागानं पाहिलं. तुर्दीमात-आतांनी रोटी मोडून दोघांच्या हातात दिली. एर्गाश लंगडतोय हे कुणाच्या तरी लक्षात आलं, तेव्हा हिला धरून धरून पायाला मुंग्या आल्या, असं त्यानं सांगितलं. लोकांना तेही पटलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी निम्मं झाड तसंच बाकी होतं. काल शेवट न पाहताच पांगलेले काही जण आज मुद्दाम लवकर आले होते, कारण झाडावर कोण चढणार हा प्रश्न सुटला नव्हता. दोर चटईवर मधोमध पडला होता. एर्गाशनं तो उचलला, शुह्रतच्या कमरेला स्वतः बांधला, गाठ दोनदा ओढून पाहिली आणि त्याला सांगितलं, खाली बघू नकोस, शीळ घाल. शुह्रतच्या तोंडून हवा निघाली, शीळ काही निघाली नाही. पण तो चढला.

"आणि तुम्ही, एर्गाश-आका?" शेजाऱ्यानं खोचकपणे विचारलं.

"मी आता नाही चढणार," एर्गाश म्हणाला. "मी वर गेलो की ओयनिसाला भीती वाटते. काल पाहिलंत ना सगळ्यांनी."

सगळ्यांनी ओयनिसाकडे पाहिलं. एर्गाशनंही पाहिलं, जरा विनवणीनं, की बाई, कालच्यासारखं आजही निभावून ने.

"वाटते," ओयनिसा म्हणाली. ती हसत नव्हती. "पहिल्या वर्षापासून वाटते. फांदी वाजली की माझी नजर अक्रोडांकडे जात नाही. आधी तुमचे पाय शोधते."

आणि ती परत साल सोलायला लागली. हे ती लोकांसाठी बोलली नव्हती, हे एर्गाशला कळलं. प्रत्येक शरद ऋतूत तो वर शीळ घालत होता, आणि खाली ही जीव मुठीत धरून बसली होती. तो पाय लांब करून तिच्या शेजारी बसला, तिच्या पुढ्यातल्या ढिगातले अर्धे अक्रोड त्यानं आपल्याकडे ओढले, आणि वर शुह्रतनं पहिली फांदी हलवली तेव्हा दोघांनीही एकदमच वर पाहिलं.